एकच रोख धरून चालणं: या रेषेला आपल्या भाषेत काय म्हणायचं?

देवगडकरीण

मी देवगडजवळच्या एका शाळेत भूगोल शिकवते. नारळी पौर्णिमा झाली, होड्या पुन्हा पाण्यात गेल्या. वर्गातली निम्मी मुलं हल्ली डोळे चोळत येतात, कारण पहाटे घरची होडी लागते तेव्हा ती बंदरावर असतात. परवा टेबलावर पृथ्वीगोल ठेवून अक्षवृत्तं-रेखावृत्तं समजावत होते. मागच्या बाकावरच्या एकाने विचारलं, "बाई, बाबा कंपासार २७० धरून जातत. पृथ्वी गोल आसा, मग ते सरळ जातत काय वळत जातत?"

"सरळ" असं सांगून मी पुढे गेले, आणि घरी पोचेपर्यंत ते उत्तर मला खुपत राहिलं. रात्री वाचत बसले. कंपासवरचा एकच आकडा (२७० म्हणजे पश्चिम) धरून गेलं की पृथ्वीवर जी रेषा उमटते तिला इंग्रजीत 'ऱ्हंब लाइन' किंवा 'लॉक्सोड्रोम' म्हणतात एवढं कळलं. ही रेषा प्रत्येक रेखावृत्ताला सारख्याच कोनात छेदते.

मला दोन गोष्टी हव्या आहेत. त्या मुलाला देण्यासारखं खरं उत्तर, आणि या रेषेसाठी असा मराठी शब्द की जो त्याच्या बाबांनाही आपला वाटेल. इथे दर्यावर आयुष्य काढलेली माणसं आहेत, म्हणून विचारते.

निवृत्त_खलाशी

बाई, त्या मुलाला माझ्याकडून शाबासकी द्या. मी तीसेक वर्षं व्यापारी जहाजांवर काढली. हा प्रश्न मला पहिल्यांदा पडला तेव्हा मी बावीस वर्षांचा होतो.

उत्तर असं: बाबा वळत जातात, पण त्यांना ते जाणवत नाही, कारण वळवायचं काम कंपासची सुई करते. पश्चिमेचा रोख धरून निघालेली होडी खरोखर नाकासमोर सरळ गेली असती, म्हणजे सुकाणू बांधून टाकलं आणि वारा-पाण्याने काहीच केलं नाही असं धरा, तर ती हळूहळू दक्षिणेकडे उतरली असती. आपल्या अक्षवृत्तावर टिकून राहायला तिला सतत कणभर उजवीकडे वळावं लागतं. सुकाण्या २७० वर नजर ठेवतो, आकडा हलला की सुकाणू किंचित फिरवतो. लाटेने हललेलं सावरता सावरता हे वळणही त्यातच होऊन जातं. ४० सागरी मैलांच्या फेरीत हे वळण सगळं मिळून अंशाचा पाचवा भाग भरतं. कोणाच्या लक्षात येणार?

आता मोठं उदाहरण घ्या. रत्नागिरी १७ अंश उत्तरेच्या रेघेवर आहे, आणि ओमानचं सलालाहसुद्धा. रत्नागिरीहून नाळ, म्हणजे होडीचं पुढचं टोक, बरोबर पश्चिमेला धरली आणि प्रवाहाने ढकलू दिलं नाही, तर सुमारे ११०० सागरी मैलांनी सलालाह समोर येतं. ही झाली तुमची एकाच रोखाची रेषा. सर्वांत जवळची वाट मात्र वेगळी आहे, पृथ्वीगोलावर दोरा ताणला की पडते ती. ती बृहद्‌वृत्ताची. तिच्यावरून जायचं तर निघताना २७३ च्या जवळ धरावं लागेल, मग आकडा हळूहळू उतरवत पोचताना २६७ वर यावं लागेल, आणि मध्यावर तुम्ही रेघेच्या १४ मैल उत्तरेला असाल. एवढी उठाठेव करून वाचतं किती? अर्धा मैल. म्हणून आपल्या पाण्यात एकच आकडा धरणारा तांडेल, म्हणजे होडीचा म्होरक्या, अडाणीपणा करत नाही, तो शहाणपणाचंच करतो.

मालवणी_मनू

खूप छान. एक भाबडा प्रश्न. २७० ला कोणी 'बेअरिंग' म्हणतं, कोणी 'हेडिंग', कोणी 'कोर्स'. हे सगळं एकच ना?

निवृत्त_खलाशी

एकच नाही, आणि यात गोंधळ झाला तर जीव जातो.

नाळ कुठे तोंड करून आहे ते हेडिंग. आपण कुठे जायचं ठरवलंय तो कोर्स. पाण्याने-वाऱ्याने ढकलून होडी प्रत्यक्ष जिथून गेली तो ट्रॅक. आणि आपल्या जागेवरून दुसरी वस्तू, म्हणजे दीपगृह, बेट, दुसरं जहाज, कोणत्या दिशेला दिसते ते बेअरिंग.

या शेवटच्या शब्दापाशी जरा थांबतो. रात्री समोरून एक दिवा येतोय. तुम्ही कंपासवरून त्याची दिशा घेतली, ०४०. पाच मिनिटांनी पुन्हा घेतली, ०४०. पुन्हा पाच मिनिटांनी, तरी ०४०, आणि दिवा मात्र मोठा होतोय. म्हणजे टक्कर ठरलेली आहे. बेअरिंग बदलत नाही आणि अंतर कमी होतंय, यापेक्षा वाईट बातमी दर्यावर नाही. टक्कर टाळण्याच्या १९७२ च्या आंतरराष्ट्रीय नियमांत, सातव्या नियमात, हेच लिहिलंय. फार मोठं जहाज असेल, कोणी काही ओढत नेत असेल किंवा अंतर अगदी थोडं असेल, तर बेअरिंग बदलत असूनही धोका असू शकतो, हेही तिथेच आहे.

छोट्या होडीवर कंपासची गरजही नाही. एका जागी बसा, डोकं हलवू नका, आणि तो दिवा डोलकाठीच्या दोराशी लावून बघा. दोर सोडून दिवा पुढे सरकला तर तो तुमच्या पुढून जाईल, मागे सरकला तर मागून. दोराला चिकटून राहिला तर झोपलेल्यांना उठवा.

गाबीतवाडा

काकांनी नाळ आणि ट्रॅक वेगळे सांगितले ते बरं केलं. आमच्याकडे याला सरळ शब्द आहेत. नाळ जिथे बघते तो *रोख*. होडी जिथून जाते ती *वाट*. माझे आजोबा सुकाणूवर बसणाऱ्या पोराला सांगायचे, "रोख खय आसा ता कंपास सांगतलो, वाट खय चल्ली हा ता तू बघ." मतलई वारा जमिनीकडून सुटला की रोख उत्तरेला असूनही होडी भलतीकडे सरकते. तेव्हा रोख वाऱ्याच्या अंगाला थोडा जास्त ठेवावा लागतो, तरच वाट सरळ पडते.

दुसरी गोष्ट सांगतो, ती माझ्यावर गुदरलेली आहे. चार-पाच वर्षांमागे आम्ही चाळीस मैल बाहेर होतो. परतताना जीपीएसची बॅटरी गेली. तांडेल म्हणाला काही हरकत नाही, कंपासवर ०९० धर, देवगड समोर येईल. रात्रभर मी आकडा हलू दिला नाही. पहाटे दीपगृहाचा झोत नाळेसमोर दिसायला हवा होता, तो चांगलाच उजव्या अंगाला, दक्षिणेला दिसायला लागला. आम्ही देवगडच्या पाच-सहा मैल उत्तरेला लागलो होतो.

कारण उजाडल्यावर कळलं. झोप येऊ नये म्हणून मी मोबाइलवर गाणी लावली होती आणि तो कंपासच्या काचेला टेकवून ठेवला होता. त्याच्या स्पीकरमध्ये लोहचुंबक असतं. तांडेलाने काही न बोलता मोबाइल उचलून मागे नेला, आणि माझ्या डोळ्यांसमोर तबकडी आठ अंश फिरली. आठ अंश! रात्रभर मी ०९० समजून ०८२ धरलं होतं.

तेव्हापासून आमच्या कंपासपासून हातभर अंतरात सुरी नाही, पान्हा नाही, मोबाइल नाही. वर्गात हे दाखवा बाई, कंपासशेजारी मोबाइल ठेवून. मुलं घरी जाऊन सांगतील.

निवृत्त_खलाशी

तुम्ही सांगितलेला हिशोब तंतोतंत बसतो. आमच्याकडे साधा ठोकताळा आहे: एक अंश चुकला की साठ मैलांवर एक मैल चुकतो. आठ अंश, चाळीस मैल, म्हणजे साडेपाच मैल.

कंपासची आणखी एक चूक असते. ती होडीवरच्या लोखंडामुळे होत नाही, पृथ्वीमुळेच होते. चुंबकीय उत्तर आणि खरी उत्तर यांच्यातला कोन, म्हणजे दिक्‌पात. आपल्या किनाऱ्यावर तो अंशाच्या आसपास किंवा त्याहूनही कमी आहे, म्हणून कोणाला त्याची आठवण होत नाही. केपटाउनला तो पंचवीस अंशांच्या घरात जातो. तिथे कंपासचा आकडा तसाच वापरला तर किनाऱ्यावरच चढाल.

अलिबागचा_पाऊस

दिक्‌पाताचा विषय निघाला म्हणून लिहितो. पृथ्वीचं चुंबकत्व रोज मोजणारी वेधशाळा आमच्या अलिबागला आहे, समुद्रापासून चालत जाण्याच्या अंतरावर. आधी हे काम मुंबईत कुलाब्याला १८४१ पासून चालायचं. मुंबईत विजेच्या ट्राम येणार, त्यांच्या विजेने नोंदी बिघडणार, म्हणून १९०४ मध्ये ते अलिबागला आणलं. तेव्हा नानाभाई मूस कुलाबा वेधशाळेचे प्रमुख होते. उपकरणांच्या खोल्या लोखंड टाळून बांधल्या आहेत. एका मोबाइलने आठ अंश फिरतात हे वाचल्यावर त्या खोल्या तशा का बांधल्या ते मला आज नीट उमगलं.

आकाशवाट

शब्दांकडे वळू या का? मला यात फार रस आहे.

दर्यावरचे आपले कितीतरी शब्द पश्चिमेकडून, अरबी-फारसी खलाशांबरोबर आले. सुकाणू हा अरबी *सुक्कान*. नाखवा हा फारसी *नाखुदा*. *होका* या शब्दाचं नातं मला अरबी *हुक्का*शी पटतं. हुक्का म्हणजे डबी, आणि अरबी नाविक होकायंत्राला याच नावाने ओळखत, कारण सुई डबीत असते. तंबाखूचा हुक्का हाही त्याच डबीचा भाऊ. म्हणजे होकायंत्र हा अर्धा अरबी, अर्धा संस्कृत शब्द आहे आणि तो आपण किती सहज वापरतो!

आता मुद्द्याचं. पंधराव्या शतकातला अरबी नाविक इब्न माजिद याच्या ग्रंथांत क्षितिजाचे ३२ भाग येतात. एकेका भागाला *खन्न* म्हणत, म्हणजे घर. फारसी *खाना*शी ते जोडतात, आपल्या दवाखान्यातला खाना. एक घर सव्वाअकरा अंशांचं. आणि या घरांना आकडे नव्हते, ताऱ्यांची नावं होती. तारा जिथे उगवतो ते पूर्वेकडचं घर, जिथे मावळतो ते पश्चिमेकडचं. उत्तरेला ध्रुव. मग उगवत्या बाजूने खाली येत ब्रह्महृदय, अभिजित, स्वाती, कृत्तिका. ऐन पूर्वेला श्रवण. त्याच्या दक्षिणेला मृग, व्याध, ज्येष्ठा, अगस्ती अशी ओळ. अरबी नावं वेगळी, तारे आपल्याच पंचांगातले.

श्रवण खरं तर पूर्वेच्या आठ-नऊ अंश उत्तरेला उगवतो, तरी घराला नाव त्याचंच मिळालं. नेमकी पूर्व हवी असेल तर मृगाच्या पट्ट्यातल्या तीन ताऱ्यांपैकी पहिला उगवतो तो बघा. तो विषुववृत्ताच्या जवळजवळ वरच आहे. बंदराच्या धक्क्यावरून दिसणार नाही, कारण आपल्याकडे पूर्वेला डोंगर. पण तो मावळतो नेमका पश्चिमेला, थेट समुद्रात. मार्च-एप्रिलच्या रात्री समुद्राकडे तोंड करून बसा.

एक घर धरून चालणं म्हणजेच तुमची ऱ्हंब लाइन. आणि पश्चिमेहून परतणारा नाविक आधी आपल्या बंदराच्या अक्षवृत्तावर यायचा, मग पूर्व धरून चालायचा. अक्षवृत्त कळायचं ध्रुवाच्या उंचीवरून. हातात *कमाल*, म्हणजे एक लाकडी फळी आणि तिला गाठी मारलेली दोरी. दोरी दातात धरायची, फळीची खालची कड क्षितिजाला, वरची ध्रुवाला. रत्नागिरीला ध्रुव साधारण १७ अंशांवर असतो. तो तेवढाच राहिला तर घर समोर आहे.

गणित_आणि_गलबत

वरच्या सगळ्यात एक नाव यायला हवं. पेद्रू नुनिश, पोर्तुगीज गणिती. एकच रोख धरून चालणं आणि सर्वांत जवळच्या वाटेने चालणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे त्याने १५३७ मध्ये छापून मांडलं. त्याआधी खलाशी हे करत होते, पण पृथ्वीवर ती रेषा कोणत्या आकाराची होते ते कोणी नीट बघितलं नव्हतं. मग १५६९ मध्ये मर्केटरने असा नकाशा काढला की ही वाकडी रेषा कागदावर सरळ उमटावी. त्यामागचं गणित नीट मांडलं एडवर्ड राइटने, १५९९ मध्ये. 'लॉक्सोड्रोम' हा शब्द त्यानंतरचा, स्नेल या डच गणितीचा, १६२४ सालचा. ग्रीकमध्ये लॉक्सोस म्हणजे तिरका, द्रोमोस म्हणजे धाव.

बाई, मुलांना सांगायला एक कल्पना. समजा रत्नागिरीहून कोणी ईशान्य धरून निघालं आणि डोंगर-वाळवंट-बर्फ कशालाच अडलं नाही. रोख कायम ४५ अंश. ते कुठे पोचेल? ईशान्य म्हटल्यावर वाटतं चीन, जपान, मग पॅसिफिक. पण प्रत्येक पावलाला ते उत्तरेकडे सरकतंच आहे. म्हणून रेषा ध्रुवाभोवती गुंडाळत जाते, शंखाच्या वळ्यांसारखी. वळी असंख्य, तरी एकूण लांबी मोजता येते: अक्षांशातला फरक भागिले रोखाच्या कोनाचा कोसाइन. १७ पासून ९० पर्यंत ७३ अंश, म्हणजे ४३८० सागरी मैल, गुणिले १.४१४. सुमारे ६१९४ मैलांत प्रवास संपतो. असंख्य वळसे, मोजकी लांबी. मला हे पहिल्यांदा कळलं त्या रात्री मी झोपलो नव्हतो.

पृथ्वीगोल असेल तर मुंबई ते न्यूयॉर्क दोरा ताणून लावा. दोरा मुंबईहून ३३३ च्या रोखाने, जवळजवळ उत्तरेकडेच निघेल, ६५ अंश उत्तरेपर्यंत चढेल आणि मग उतरेल. एकच रोख धरायचा तर आकडा येतो २८०, अगदी पश्चिमेजवळचा. पहिली वाट सुमारे ६७७० मैल, दुसरी ७६८०. सलालाहला अर्धा मैल, इथे नऊशे. फरक कुठे पडतो ते मुलांच्या हातालाच कळेल.

शब्दवेल्हाळ

माझी सूचना: *एकदिश रेषा*. संस्कृत घडण आहे, पाठ्यपुस्तकात शोभेल, आणि लगेच कळतं.

गाबीतवाडा

कळतं, पण आमच्या बंदरावर 'एकदिश' कोणी म्हणणार नाही. शिवाय बृहद्‌वृत्ताची वाटही एका दिशेनेच जाते असं ऐकणाऱ्याला वाटेल. सरळ तीच जाते ना? दिशा या शब्दात ही फोड होत नाही. बदलत नाही तो कंपासवरचा आकडा. म्हणून *रोख* शब्द यायला हवा.

आकाशवाट

मी गाबीतवाडा यांच्या बाजूने. रोख हा मुळात फारसी *रुख*, म्हणजे चेहरा, तोंड. होडीचं तोंड जिकडे तो तिचा रोख. शिवाय मराठीने तो पुरता आपला केला आहे, बोलण्याचा रोख, टीकेचा रोख, नजरेचा रोख. *समरोख रेषा* म्हणा, नाहीतर *एकरोखी वाट*.

शब्दवेल्हाळ

'समरोख' पटला. समताप, समदाब या रेषा मुलांना माहीत असतात, त्यांच्या शेजारी तो बसेल. मी माझा शब्द मागे घेतो. बेअरिंगला मात्र *दिशाकोन* म्हणू या, तो आधीपासून वापरात आहे.

निवृत्त_खलाशी

वर्गात जरूर म्हणा. पण वायरलेसवर बेअरिंगच म्हणायचं, हा माझा आग्रह आहे. मदतीची हाक मारताना किनाऱ्यावर ऐकणारा कोणत्या राज्याचा असेल सांगता येत नाही. तिथे तटरक्षक दलाच्या माणसाला जो शब्द एका झटक्यात कळेल तोच शब्द बरोबर. मुलांना दोन्ही शब्द द्या, आणि कुठला कुठे वापरायचा तेही सांगा.

आणि 'कंपास' म्हटलं की शाळेत कंपासपेटी आठवते, तेवढं वर्गात होकायंत्र म्हणा.

देवगडकरीण

सर्वांची मनापासून आभारी आहे. आज वर्गात घेतलं, म्हणून लगेच लिहिते.

आधी गेल्या वेळचं माझं उत्तर चुकलं होतं असं सांगितलं. मग फळ्यावर चार शब्द लिहिले: रोख, वाट, दिशाकोन, समरोख रेषा. रोख आणि वाट समजवावेच लागले नाहीत, उलट दोन मुलींनी मला मतलईचं उदाहरण दिलं. पृथ्वीगोलावर दोरा ताणला तेव्हा तो ग्रीनलंडच्या बाजूला चढलेला बघून सगळे टेबलाभोवती जमले. मोबाइल होकायंत्राशेजारी ठेवला, सुई फिरली, आणि वर्ग एकदम गप्प झाला.

तो मुलगा तास संपल्यावर थांबला. म्हणाला, "बाई, म्हणजे बाबा वळतत, पण त्यांका म्हायत नाय." मी हो म्हटलं. तो थोडा विचार करून म्हणाला, "मी आज रात्री जातलंय त्यांच्यावांगडा. सुकाणूर बसान बघतंय, हाताक कळता काय." त्याच्या आईला फोन करून विचारलं. उद्या रविवार, आणि वारा नाही, म्हणून ती हो म्हणाली आहे.